अंगाचे माप आणि कपड्याचा आकडा

तयार कपड्यांच्या दुकानात पाऊल टाकल्याबरोबर गिऱ्हाइकाला जो पहिला प्रश्न विचारला जातो, तो ‘आपला नंबर कोणता?’ हा होय. आणि हा प्रश्न इतक्या सहजपणे विचारला जातो व त्याचे उत्तरही इतक्या सहजपणे दिले जाते, की उंचीप्रमाणे किंवा वजनाप्रमाणे हा नंबर म्हणजे आपल्या देहाचाच एखादा स्थिर गुणधर्म आहे, अशी समजूत उभयतांच्या मनात दृढ होऊन बसते. वस्तुस्थिती याहून निराळी आहे. देहाला मापे असतात आणि ती इंचांत किंवा सेंटिमीटरांत मोजता येतात. नंबर असतो तो कपड्याला, आणि तो कपडा ज्या कारखान्यातून निघाला त्याने तो आपल्या सोयीसाठी मुक्रर केलेला असतो. एकाच बाईला एका कारखान्याचा ‘मीडियम’ कुडता उत्तम बसावा, दुसऱ्याचा ‘एक्स्ट्रा लार्ज’ही काखेत आवळावा, आणि या तफावतीचे खापर तिने कारखान्यावर न फोडता आपल्या देहावर फोडून खजील व्हावे, हा प्रकार आज घरोघर घडतो, तरुण मुलींच्या मनाला तर तो दीर्घकाळ बोचत राहतो. म्हणून हा आकडा आला कोठून, तो कितपत विश्वसनीय आहे, आणि त्याच्या आधीन न होता केवळ एका टेपच्या साहाय्याने आपल्या अंगाला योग्य असा कपडा कसा निवडावा, याची काहीशी विस्तृत माहिती या प्रकरणात देण्याचे योजिले आहे.

आपल्याकडे अंगाचे काटेकोर माप घेण्याची गरज फार काळपर्यंत भासली नाही, याचे कारण आपल्या वस्त्रांच्या घडणीतच सापडते. लुगडे, धोतर, उपरणे, पागोटे ही वस्त्रे नेसावयाची, पांघरावयाची अथवा गुंडाळावयाची. ती देहाभोवती हवी तितकी घेतली जातात, आणि म्हणूनच सासूचे नऊवारी लुगडे सुनेला नेसताना मापाची अडचण कधी आली नाही. जी वस्त्रे शिवली जात, तीही बहुधा बंदांची असत. बाराबंदीचे आणि अंगरख्याचे बंद सैल वा घट्ट बांधता येत, चोळीची पुढची गाठ प्रकृतीप्रमाणे आवळता वा ढिली करता येई, परकराची आणि तुमानीची नाडी तर आजही हे काम बिनतक्रार करीत आहे. मोजमाप व्हावयाचे ते अंगाचे नव्हे, कापडाचे. त्यासाठी हात, वीत, तसू आणि गज ही परिमाणे होती, अकबराच्या अमदानीत ठरलेला इलाही गज ४१ अंगुळांचा होता, आणि चोळीपुरत्या कापडाला तर खण असे स्वतंत्र नावच होते. बटण आणि काज यांचा सार्वत्रिक प्रसार झाला, कोट-पाटलोण आणि झंपर-पोलकी अंगावर आली, तेव्हा वस्त्राचा घेर एकदा शिवला की कायमचा ठरून जाऊ लागला, आणि मापाचे महत्त्व एकाएकी वाढले.

युरोपातही इंचांच्या खुणा असलेली फीत शिंप्यांच्या हाती आली ती फार जुनी नाही. अठराव्या शतकाच्या अखेरीपासून एकोणिसाव्याच्या आरंभापर्यंतच्या काळात ती प्रचारात आली. त्यापूर्वी शिंपी प्रत्येक गिऱ्हाइकासाठी कागदाची किंवा चर्मपत्राची एक निराळी पट्टी ठेवीत असे, आणि छाती, कंबर, बाही यांच्या लांबीच्या जागी तिच्यावर कातरीने खाचा पाडून ठेवीत असे. त्या पट्टीवर आकडा एकही नसे. ती त्या एका माणसाची आणि त्या एका शिंप्याची खासगी नोंद होती, दुसऱ्या कोणाला तिचा अर्थ लागत नसे. फीत आल्यामुळे निरनिराळ्या माणसांची मापे एकाच परिमाणात लिहिली जाऊ लागली, त्यांची तुलना करणे शक्य झाले, आणि तुलना शक्य झाल्यावरच ‘पुष्कळ माणसांची मापे सारखीच निघतात की काय?’ हा प्रश्न उत्पन्न झाला.

या प्रश्नाचे उत्तर प्रथम फौजांच्या दप्तरातून निघाले. हजारो शिपायांना थोड्या अवधीत गणवेश पुरवावयाचा असेल, तर एकेकाचे माप घेऊन कापड बेतण्यास सवड नसते. कोणत्या मापाचे किती डगले शिवून ठेवावे, याचा अंदाज पुरवठा करणाऱ्या मक्तेदाराला आधीच बांधावा लागतो. स्कॉटलंडमधील निरनिराळ्या परगण्यांतील स्थानिक लष्करी पथकांच्या शिपायांची उंची व छातीचा घेर यांचे एक कोष्टक १८१७ साली एडिंबरोच्या एका वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध झाले, ते अशाच एका लष्करी मक्तेदाराने जमविलेल्या मापांवरून. पुढे बेल्जियमचा विख्यात संख्याशास्त्रज्ञ अदोल्फ केतले याने १८४६ मध्ये याच कोष्टकातील ५,७३८ शिपायांच्या छातीची मापे घेऊन दाखविले, की ती ३३ इंचांपासून ४८ इंचांपर्यंत पसरलेली असली तरी सर्वांत दाट गर्दी ३९ व ४० इंचांच्या आसपास होते, आणि तेथून दोन्ही बाजूंस ती विशिष्ट प्रमाणात विरळ होत जाते. संख्याशास्त्राच्या इतिहासात हे उदाहरण अमर झाले आहे. परंतु त्याचे मूळ गणवेशाच्या कापडात आहे, हे मला विशेष लक्षात ठेवण्यासारखे वाटते. अमेरिकेत १८६१ ते १८६५ या यादवी युद्धाच्या काळात हाच अनुभव व्यापारी प्रमाणावर आला, आणि युद्ध संपल्यावर पुरुषांच्या तयार कपड्यांच्या धंद्याने तो उचलला.

केतलेच्या कोष्टकातून जो निष्कर्ष काढण्याचा मोह होतो, तो मात्र फसवा आहे. छाती हे एक माप घेतले तर बहुसंख्य माणसे मध्याजवळ जमतात हे खरे. पण कपडा एका मापावर उभा राहत नाही. या भ्रमाचे निरसन एका तरुण संशोधकाने अत्यंत साध्या रीतीने केले. अमेरिकन हवाई दलाने १९५० साली ४,०६३ वैमानिकांची अंगमापे घेतली होती. उंची, छाती, कंबर, मान, मांडी, बाहीची लांबी अशी पोशाखाला आवश्यक असलेली १० मापे निवडून गिल्बर्ट डॅनियल्स याने असा शोध चालविला, की या दहाही बाबतींत सरासरीच्या जवळपास असणारे वैमानिक किती? ‘जवळपास’ याची व्याख्याही त्याने उदार केली होती. प्रत्येक मापाच्या बाबतीत मधल्या तीस टक्क्यांच्या टप्प्यात जो पडेल तो सरासरी मानावयाचा. चार हजारांच्या वर माणसांत या कसोटीला उतरलेला वैमानिक एकही निघाला नाही. दहाऐवजी कोणतीही तीनच मापे घेतली, तरी तिन्हींत सरासरी असणारांची संख्या शेकडा साडेतीनपर्यंतही पोहोचत नव्हती. ‘मीडियम’ नावाचा जो मनुष्य डोळ्यांपुढे ठेवून कपडे कापले जातात, तो मनुष्य अस्तित्वातच नाही, असा या अहवालाचा अर्थ होतो. आणि १९५२ साली प्रसिद्ध झालेला तो अहवाल प्रत्येक तयार कपड्यांच्या दुकानदाराने एकदा तरी ऐकून घ्यावा, इतका तो मोलाचा आहे.

स्त्रियांच्या कपड्यांची कैफियत याहूनही गुंतागुंतीची आहे. अमेरिकेच्या कृषिखात्यातील गृहअर्थशास्त्र विभागाच्या रूथ ओब्रायन आणि विल्यम शेल्टन यांनी १९३९-४० मध्ये सुमारे १५,००० स्त्रियांची प्रत्येकी ५९ मापे घेतली व १९४१ मध्ये त्यांचा ग्रंथ प्रसिद्ध केला. श्रम प्रचंड, हेतू स्तुत्य. परंतु त्या गणनेत केवळ गौरवर्णी स्त्रियांचीच मापे जमेस धरली गेली, हे तिचे मोठे न्यून होय, आणि ज्या देशात अनेक वंशांचे लोक नांदतात त्या देशाचे प्रमाण म्हणून ती पुढे यावी, हे मला अन्यायाचे वाटते. तिच्या आधारावर १९५८ साली व्यापारी प्रमाणमाप ठरले. त्यातील ८ नंबरच्या पोशाखाला छाती ३१, कंबर साडेतेवीस व सीट साडेबत्तीस इंच अशी मापे दिली होती. हे प्रमाणमाप ऐच्छिक होते. कारखानदारांनी ते हळूहळू टाकले आणि १९८३ मध्ये सरकारनेही ते मागे घेतले. यानंतर आकडा निरंकुश झाला. ३२ इंच छातीच्या बाईला अमेरिकेतील एका प्रसिद्ध दुकानाच्या १९३७ च्या सूचिपत्रात १४ नंबरचा पोशाख घ्यावा लागे. तेवढ्याच छातीला १९६७ मध्ये ८ नंबर आणि २०११ मध्ये शून्य नंबर लागू झाला. देह तोच, फीत तीच, इंचही तेच. लहान आकडा पाहून गिऱ्हाईक संतुष्ट होते हे व्यापाऱ्याने ओळखले, आणि आकडा खाली उतरत गेला. पुरुष या मोहातून मुक्त आहेत असे नाही. विलायती पाटलोणींवर कंबर इंचांत छापलेली असते, आणि इंचात फेरफार कसा होणार अशी आपली समजूत असते. परंतु एका अमेरिकन मासिकाच्या प्रतिनिधीने २०१० साली निरनिराळ्या कंपन्यांच्या ३६ इंची पाटलोणी प्रत्यक्ष मोजल्या, तेव्हा त्यांतील एकीची कंबर ४१ इंच भरली.

आपल्या देशात तर बराच काळ नंबर आले ते विलायती व अमेरिकन कोष्टकांवरून उचललेले. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात इरावती कर्वे यांनी महाराष्ट्रातील निरनिराळ्या समाजांची अंगमापे घेतली होती, आणि वि. म. दांडेकर यांच्या सहकार्याने त्यांचा संख्याशास्त्रीय अभ्यास १९५१ साली ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाला. परंतु त्या परिश्रमाचा उद्देश मानववंशशास्त्रीय होता, शिवणकामाला उपयोगी कोष्टक तयार करणे हा नव्हता. अहमदाबादच्या राष्ट्रीय डिझाइन संस्थेने १९९७ मध्ये भारतीयांच्या अंगमापांचा जो संग्रह काढला, त्याचा रोखही मुख्यतः आसने, यंत्रे व उपकरणे यांच्या रचनेकडे होता. कपड्यांसाठी म्हणून देशव्यापी मोजणीचे काम अलीकडे राष्ट्रीय फॅशन तंत्रज्ञान संस्थेने, म्हणजे लोक जिला ‘निफ्ट’ म्हणतात तिने, हाती घेतले. मुंबईसह सहा शहरांतील १५ ते ६५ वर्षे वयाच्या २५,००० हून अधिक स्त्रीपुरुषांची मापे प्रकाशकिरणांनी सर्व देह टिपणाऱ्या यंत्राने घ्यावी, अशी ती योजना. तिचे फळ प्रत्येक दुकानापर्यंत पोहोचले तरी डॅनियल्सने दाखविलेली अडचण शिल्लक राहणारच, आणि म्हणून आपले माप आपणच जाणून घेणे हा मार्ग सुटत नाही.

यासाठी साधन एकच, टेप. शिंप्याच्या दुकानातील टेप एका बाजूस ६० इंच व दुसऱ्या बाजूस १५० सेंटिमीटर दाखविते. १९५६ च्या कायद्याने आपण दशमान पद्धत स्वीकारली, कापड मीटरने विकले जाऊ लागले, तरी शिंप्याचे सर्व बोलणे अद्याप इंचांत चालते, आणि तयार कपड्यांच्या कोष्टकांत कधी इंच तर कधी सेंटिमीटर असतात. तेव्हा प्रत्येक आकड्यापुढे परिमाण लिहिण्याची सवय आरंभापासून ठेवावी. एक इंच म्हणजे २.५४ सेंटिमीटर. जुनी कापडी टेप वापराने ताणते आणि माप कमी दाखवू लागते. तिची खातरजमा एकदा पोलादी पट्टीवर करून घ्यावी, अथवा काचतंतूंची टेप वापरावी. मापे अंगावर पातळ कपडा ठेवून, शक्यतो दुसऱ्याकडून घ्यावी. स्वतःचे माप स्वतः घेताना हात वर उचलला जातो, मान वळते, आणि देहाची ठेवण बदलते.

छातीचे माप घेताना होणारी चूक जवळजवळ ठराविक आहे: पुढे टेप योग्य जागी असते, पाठीकडे ती घसरून खाली उतरते, आणि तिरकस घेर मोजला गेल्यामुळे आकडा चुकतो. टेप काखेखालून, पाठीमागे खांद्याच्या फऱ्यांवरून आणि पुढे छातीच्या सर्वांत भरलेल्या भागावरून, जमिनीशी समांतर राहील अशी घ्यावी. हात खाली सोडलेले, श्वास नेहमीसारखा. छाती फुगवून दिलेले माप हे कपड्याच्या दृष्टीने खोटे माप होय. स्त्रियांनी या ठिकाणी एका मापावर संतोष मानू नये. काखेलगतची वरची छाती, भरलेली छाती आणि छातीखालचा घेर ही तीन मापे, नेहमीची अंतर्वस्त्रे घालूनच, निरनिराळी घ्यावी. खांदा, पाठ आणि मुंढा यांचा सांगाडा वरच्या छातीवर अवलंबून असतो; केवळ भरलेल्या छातीच्या आकड्यावर ब्लाउज घेतला, की पुढे तो बरोबर बसतो पण गळा उघडा पडतो आणि खांदे दंडावर घसरतात. हा दोष अंगाचा नाही. वरच्या व भरलेल्या छातीतील अंतर जितके अधिक, तितके टक्स खोल हवेत किंवा कटोरी मोठी हवी. हे काम शिलाईचे आहे, आणि मोठ्या नंबराने ते कधीच साधत नाही.

कमरेविषयी बराच घोटाळा आढळतो, कारण देहाची कंबर आणि पाटलोणीची कंबर या दोन जागा आहेत. सर्वांत खालची बरगडी आणि कटीच्या हाडाचा वरचा काठ यांच्या मध्यावर देहाची कंबर असते. उभ्याने एका कुशीस वाकले असता जेथे घडी पडते ती जागा बहुधा तीच. परंतु पाटलोण तेथे कोणी नेसत नाही. ती दोन-तीन इंच खाली, पट्टा जेथे टेकतो तेथे राहते, आणि पोट पुढे आलेल्या गृहस्थाची तर ती पोटाच्या खाली उतरते. म्हणून ज्या जागी तो कपडा प्रत्यक्ष राहणार, त्याच जागी टेप धरावी. सीटचे माप दोन्ही पाय जुळवून, मागचा भाग जेथे सर्वाधिक बाहेर आलेला असतो तेथून घ्यावे. या मापाची उपेक्षा फार होते, आणि बसताच पाटलोण ताणली जाण्याचे अथवा कुडत्याच्या कापाशी सुरकुत्या पडण्याचे कारण बहुतेक वेळा तेच असते. खांदा एका हाडाच्या टोकापासून दुसऱ्या हाडाच्या टोकापर्यंत, मानेच्या मुळावरून मोजावा. मान पुढे झुकविली असता जो मणका उठून दिसतो, तेथून कमरेपर्यंत पाठीची उंची घ्यावी. बाही मोजताना कोपर किंचित वाकवावे, नाहीतर सायकलच्या हँडलवर हात ठेवताच ती मनगटावरून मागे सरते. गळ्याच्या घेरात एक बोट सहज फिरावे. दंडाचा घेर स्त्रियांनी अवश्य नोंदवावा, कारण तयार ब्लाउज अडतो तो बहुधा तेथेच.

ही मापे हाती आली म्हणजे त्यांच्याइतकाच कपडा घ्यावयाचा, असे मात्र नव्हे. कपड्यात हवा खेळण्यास, हात उचलण्यास, श्वास घेण्यास आणि मांडी घालून बसण्यास जागा लागते. या अधिक जागेला शिंपी लूजिंग म्हणतात. किती लूजिंग पुरे, हे समजण्यास थोडी भूमिती उपयोगी पडते. घेर वाढला की त्याच्या सुमारे सहाव्या हिश्शानेच कपडा अंगापासून दूर होतो. म्हणजे ३८ इंच छातीवर ४२ इंच घेराचा शर्ट घातला, तर चार इंच हा आकडा मोठा वाटला तरी शर्ट अंगापासून सर्व बाजूंनी अर्ध्या इंचाहून किंचितच अधिक अंतरावर राहतो. यामुळेच साध्या शर्टाला चार इंचांचे लूजिंग ढगळ दिसत नाही. घट्ट बेतलेल्या ब्लाउजला एक ते दीड इंच चालते, शर्टावर घालावयाच्या कोटाला शर्टाचा जाडपणा धरून अधिक लागते, आणि विणलेल्या गंजिफ्रॉकचा घेर तर अंगाहूनही कमी असतो, कारण तो ताणून बसावयाचा असतो. दुकानातील कोष्टक वाचताना पहिला शोध याचाच घ्यावा, की त्यात छापलेली छाती अंगाची आहे की कपड्याची. ३८ इंच अंगछातीच्या माणसाने कपड्याच्या मापाचे कोष्टक अंगाचे समजून वाचले, तर लूजिंगशिवायचा शर्ट त्याच्या पदरी पडतो. औपचारिक शर्टांत आणखी एक फसगत आहे: पुष्कळ शर्टांवरील ३८, ३९, ४०, ४२ हे आकडे गळ्याच्या सेंटिमीटरांचे असतात, आणि लोक ते छातीचे इंच समजून घेतात. युरोपीय कोटावर ५० लिहिलेले असते ते छातीच्या घेराच्या निम्मे सेंटिमीटर. त्यातून दहा वजा केले की इंग्रजी ४० नंबर मिळतो.

आता निवडीचा नियम. एकही तयार कपडा सर्व मापांना जुळणार नाही हे गृहीत धरून, जे माप नंतर दुरुस्त करता येत नाही त्यावर नंबर ठरवावा, आणि जे दुरुस्त करता येते त्याकडे तूर्त दुर्लक्ष करावे. शर्ट आणि कोट यांत खांदा हे असे माप आहे. खांदा उसवून लहान करणे म्हणजे बाही, मुंढा आणि गळा सर्वच पुन्हा बसविणे, आणि तो खर्च कपड्याच्या किमतीच्या घरात जातो. उलट बाही आखूड करणे किंवा बाजूच्या शिवणी आत घेणे हे कोपऱ्यावरच्या शिंप्याचे अर्ध्या तासाचे काम आहे. पाटलोणीत सीट व मांडी यांवर निवड करावी, कंबर मागून आत घ्यावी, लांबी खालून दुमडावी. समजा, एका गृहस्थाची सीट ४२ इंच आणि पट्ट्याच्या जागची कंबर ३४ इंच आहे. ३४ नंबरची पाटलोण त्याच्या मांडीवर ताणत असेल, तर ३६ घेऊन कंबर दोन इंच आत घेणे हाच शहाणपणाचा मार्ग, मग पाठीमागची चिठ्ठी काहीही सांगो. मोठे लहान करता येते, लहान मोठे करणे मात्र शिवणीत माया ठेवलेली असेल तरच शक्य होते. म्हणून कपडा घेताना तो उलटा करून शिवण पाहावी. तयार ब्लाउजांत कुशीला इंच-दीड इंच माया सोडण्याची चांगली चाल आपल्याकडे आहे, परंतु स्वस्त कुडत्यांत व शर्टांत ती जवळजवळ नाहीशी झाली आहे, आणि कापडाच्या या काटकसरीची किंमत पुढे गिऱ्हाइकालाच द्यावी लागते.

आपल्या बायकांनी या सर्व हिशेबाला एक सुंदर पर्याय फार दिवसांपासून चालविला आहे, तो मापाच्या ब्लाउजचा. नव्या कापडाबरोबर अंगाला उत्तम बसणारा एक जुना ब्लाउज शिंप्याकडे द्यावयाचा, आणि त्याबरहुकूम शिवून घ्यावयाचे. तत्त्वतः ही पद्धत अंगमापापेक्षा अधिक विश्वसनीय आहे, कारण लूजिंग किती हवे याचा निर्णय त्या जुन्या कपड्यात आधीच झालेला असतो. आणि घरबसल्या तयार कपडे मागविणारांनी तिचाच अवलंब करावा, अशी माझी आग्रहाची शिफारस आहे. आवडीचा शर्ट सपाट पाटावर बटणे लावून पसरावा, काखेखालून एका शिवणीपासून दुसऱ्या शिवणीपर्यंत मोजावे व ते दुप्पट करावे. तसेच खांदा, बाही व उंची घ्यावी, आणि ही मापे दुकानाच्या कपडामापांशी ताडून पाहावी. खबरदारी इतकीच, की मापासाठी निवडलेला कपडा त्याच जातीच्या कापडाचा असावा. ताणणाऱ्या विणीच्या ब्लाउजवरून खणाचा ब्लाउज बेतला तर तो निश्चित आवळेल. आणि मापाच्या ब्लाउजमध्ये मुंढ्याला जी सुरकुती असेल, ती पुढच्या प्रत्येक ब्लाउजमध्ये इमानाने उतरेल.

कापडाचा स्वभाव मापाइतकाच निर्णायक असतो. कोरे सुती कापड पहिल्या धुण्यात आटते, कारण विणताना व पुढील प्रक्रियांत ताणलेले सूत पाण्यात मोकळे होऊन पूर्वस्थितीस जाते; सॅनफर्ड क्लूएट या अमेरिकनाने १९३० साली हे आटणे कारखान्यातच आधी घडवून आणण्याची यांत्रिक कृती शोधून काढली, आणि तिच्यावरूनच आपल्या गिरण्यांच्या कापडावरील ‘सॅनफोराइज्ड’ हा शिक्का घरोघर परिचयाचा झाला. खादी, हातमाग आणि मांजरपाट यांना हा संस्कार सहसा झालेला नसतो. त्यांचा कपडा शिवावयाचा तर कापड आधी भिजवून, वाळवून मगच कातरीस लावावे, आणि तयार घ्यावयाचा तर लांबीत थोडी अधिक मुभा ठेवावी, कारण आटणे ताण्याच्या दिशेने, म्हणजे बहुधा उभ्या बाजूने, जास्त होते.

लहान मुलांच्या कपड्यांवर वय छापण्याची रीत सर्वांत निराधार आहे. सहा वर्षांच्या दोन मुलांत चार बोटांचे अंतर सहज असते, आणि वयाच्या आकड्यावर विसंबणारी आई एकाला लोंबता तर दुसऱ्याला आखूड सदरा घालते. युरोपात मुलांचा नंबर उंचीच्या सेंटिमीटरांवर ठेवतात, ११६, १२२, १२८ असा सहा-सहाच्या टप्प्यांनी. ही पद्धत आपणही घरच्या घरी वापरावी. वाढत्या अंगाचे कपडे घेणे योग्यच, पण ती वाढ लांबीत आणि दुमडलेल्या पट्टीत ठेवावी. खांदा व गळा मात्र आजच्या मापाचेच घ्यावे, कारण सैल गळ्याचा सदरा घातलेले मूल दिवसभर तो सावरण्यातच गुंतून पडते.

पुष्कळ मराठी घरांतील मुली लग्नानंतर किंवा नोकरीनिमित्त परदेशी असतात, आणि त्यांचे ब्लाउज, कुडते पुण्या-मुंबईच्या किंवा गावच्या शिंप्याकडून शिवून पाठविले जातात. अशा वेळी दूरवरून कळविलेल्या मापांबरोबर चार गोष्टी हटकून लिहाव्या: माप घेतल्याची तारीख, परिमाण इंच की सेंटिमीटर, माप अंगाचे की सपाट पसरलेल्या कपड्याचे, आणि कपड्याचे असल्यास आकडा एकेरी की दुप्पट केलेला. दर सहा महिन्यांनी, तसेच आजार, बाळंतपण वा वजनातील मोठा फरक यांनंतर लगेच, मापे नव्याने घ्यावी, आणि जुना कागद शिंप्याच्या वहीतून काढून टाकण्यास त्याला आठवणीने सांगावे.